हप्ता तोच राहिला

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. संघटनेत नाही, मैत्रिणींना नाही, घरात तर नाहीच. मी बोलणारी बाई आहे. चावडीवर, बँकेच्या दारात, मोर्चाच्या पुढं, कुठंही उभी करा, बोलते. पण हे एवढं सांगायचं म्हटलं की मी विषय बदलते. म्हणून लिहिते आहे. लिहिताना समोरच्याचं तोंड दिसत नाही — तेवढीच सोय.

आधी मी करते काय ते सांगते. मी पत्रकं लिहिते. कॉलेजात असल्यापासून. विषय एकच, व्याज. तेव्हा आमच्या कोल्हापुरात गल्लीगल्लीत पतसंस्था निघाल्या होत्या आणि त्यातल्या कितीतरी ‘फ्लॅट’ दरानं कर्ज द्यायच्या. म्हणजे तुम्ही मुद्दल फेडत फेडत निम्म्यावर आणलंत तरी व्याज पहिल्या दिवसाच्या पूर्ण रकमेवरच. लोकांना हे कळायचं नाही, कारण लोक एकच प्रश्न विचारायचे: हप्ता किती बसतोय? हप्ता झेपतोय म्हटलं की केली सही. याचा मला संताप यायचा. माझ्या पहिल्या पत्रकाचं पहिलं वाक्य अजून माझ्या मागे आहे — ‘हप्ता विचारू नका. शेवटपर्यंत किती भरणार, ते विचारा.’ हे वाक्य मी हुपरीत चांदीचे पैंजण जोडणाऱ्या बायकांपुढं म्हटलंय, शाहूवाडीत भाताच्या खळ्यावर म्हटलंय. एकदा हुपरीतली एक म्हातारी हसून म्हणाली होती, “बाई, शेवटापातूर आमी जगतोय का न्हाय तेच ठावं न्हाय, तू हप्ता सांग की.” सगळ्या बायका हसल्या. मी हसले नाही. मी चिडून तिला पुन्हा पहिल्यापासून समजावलं.

अशी मी.

आणि ही माझी आक्का. माझ्याहून आठ वर्षांनी मोठी. शिलाई करते — ब्लाऊज, आणि जून आला की शाळेचे गणवेश. दाजी शिरोलीच्या बाजूला एका फाउंड्रीत कायम कामगार होते. लग्नानंतर दोघांनी शहरात खोल्या बदलल्या त्या मोजायच्या नाहीत असं आक्कानंच ठरवून टाकलं होतं. खोली बघायला गेलं की मालक गोड बोलायचा, पाणी द्यायचा, आणि मग विचारायचा — “पावणं, आडनाव काय म्हणायचं?” आडनाव सांगितलं की खोली कालच दिलेली असायची. आजोबांनी छप्पन्न साली दीक्षा घेतली, घरात तीन पिढ्या शिकल्या, पण आडनाव सांगितल्यावर तोंड कसं बदलतं ते आक्काला बघूनच कळायचं. म्हणून तिला घर हवं होतं. मोठं नको, रंगाचं नको. फक्त दारावर आपणच लावलेली पाटी असलेलं.

दोन हजार चार साली गडमुडशिंगीत दोन खोल्यांचं घर झालं. चार लाखांचं कर्ज, पंधरा वर्षांचं. बँकेत मी बरोबर गेले होते — माझ्याशिवाय कोण जाणार? घरातली व्याजाची पंडित मीच. दोन पर्याय होते. एक, दर शेवटपर्यंत तोच. हप्ता साडेतीनशेनं जास्त. दुसरा, बदलता दर, बाजारात व्याज वाढलं की वाढणार, उतरलं की उतरणार. आक्कानं विचारलं, “बदलता म्हंजे वर जायाचा न्हाय का?” मी म्हटलं, “अगं, नव्वद सालापासून बघते मी, पंधरा-सोळा टक्क्यांवरून आठवर आलंय. अजून उतरेल.” दर महिना साडेतीनशे वाचतात म्हटल्यावर तिचा चेहरा उजळला. तो उजळला म्हणून मला बरं वाटलं. लक्षात येतंय का? मी हप्ता बघितला. वाक्य माझं, आणि मीच हप्ता बघितला.

पण ही चूक झाली. चुकीची कबुली द्यायला मी बसलेली नाही. चूक कुणाचीही होते, व्याज चढेल की उतरेल हे मोठमोठ्यांना कळत नाही. मी वेगळ्याच गोष्टीकडे येते आहे. येते — हळूहळू येते.

आक्काचा हिशेब सालांचा नव्हता. पोरावर होता. प्रशांत पहिलीत होता तेव्हा कर्ज घेतलं. म्हणून ती म्हणायची, “पशा ग्रॅज्युएट झाला की घर सुटलं.” तो चौथीत गेला तेव्हा भिंतीवर त्याची उंची मांडायला तिनं खडूनं रेघ मारली आणि दाजींना म्हणाली, “ह्यो एवढा झाला, कर्ज एवढं कमी झालं.” दाजी म्हणाले, “मग त्याला दूध वाढीव, लौकर फिटंल.” हसत होते दोघं. हप्ता दर महिन्याला तोच जात होता, एक पै इकडे-तिकडे नाही. मग त्यांनी शंका घ्यावी तरी कशाची?

दोन हजार सात साली दाजींची फाउंड्री बंद व्हायच्या बेताला आली. कर्जाचा एक दाखला पाहिजे होता. बँक माझ्या वाटेवर, म्हणून आक्कानं मला धाडलं. काउंटरवरचा माणूस सभ्य होता. दाखला छापायला टाकला आणि सहज कॉम्प्युटर माझ्याकडं वळवला. पडद्यावर एक ओळ होती — उरलेली मुदत. मी वाचली आणि त्याला म्हटलं, तुमच्याकडं काहीतरी चुकलंय. तीन वर्षं भरून झाली. पंधरातून तीन गेली, राहिली बारा. इथं अठरा कशी?

तो हसला नाही की चिडला नाही. म्हणाला, “मॅडम, व्याज आठवरून साडेअकरावर गेलं ना. दर वाढला की आम्ही हप्ता वाढवत नाही, मुदत वाढवतो. गिऱ्हाइकाला त्रास नको म्हणून. पत्रं धाडलीत की आम्ही.” पत्रं गेली होती जुन्या भाड्याच्या खोलीच्या पत्त्यावर.

गिऱ्हाइकाला त्रास नको म्हणून! हे वाक्य दुसऱ्या कुणाच्या कर्जाबद्दल ऐकलं असतं तर मी तिथंच पायरीवर उभी राहून सभा घेतली असती. खरं सांगते, घेतली असती. महिन्याला तीन हजार चारशेच्या आसपास नुसतं व्याज, आणि हप्ता तीन हजार आठशे. म्हणजे आक्का पशाच्या वह्यांत, तेलात, स्वतःच्या चपलेत काटछाट करून जे भरत होती त्यातले जेमतेम चारेकशे रुपये मुद्दलाला पोचत होते. चार लाखांचे शेवटी साडेनऊच्या वर होणार होते. दाजी तोवर साठीला टेकतील. आणि मी सभा घेतली नाही. मी दाखला घडी करून पिशवीत घातला आणि बस धरली.

आक्कानं विचारलं, “काय म्हणाली बँक?”

मी म्हटलं, “काय नाही. सगळं बरोबर चाललंय.”

का म्हटलं? सांगायचंच तर सांगते. त्याच आठवड्यात मुडशिंगीच्या समाजमंदिरात माझं भाषण होतं, आणि आक्का गल्लीतल्या बायकांना घेऊन पुढच्या सतरंजीवर बसणार होती. ‘माझी धाकटी बहीण. बँकवाले हिला भितात.’ असं सांगून ती त्यांना आणायची. त्या बायकांपुढं, ज्या घराचं कर्ज मी ठरवून दिलं त्या घरातली ती, आणि मी माईकवर — शेवटपर्यंत किती भरणार ते विचारा! मनात म्हटलं, भाषण होऊ दे, मग सांगते. भाषण झालं. टाळ्या झाल्या. मग?

मग नाही सांगितलं. एकदा ‘बरोबर चाललंय’ म्हटलं की दुसऱ्या दिवशी ते मागं घेणं जड जातं, आणि आठवड्यानं त्याहून जड. पण हेही अजून ते नव्हे. गप्प बसणारे पुष्कळ असतात. मी त्याच्या पुढं गेले.

फाउंड्री बंद झाली. कामगारांना हिशेब मिळाला. दाजींच्या हातात दीड लाख आले — एकरकमी, आयुष्यात पहिल्यांदा. एका रविवारी दोघांनी मला जेवायला बोलावलं. वांग्याची भाजी होती, भाकरी होती, आणि मधोमध तो प्रश्न होता. दाजींचं म्हणणं, वर एक खोली काढू, गोकुळ शिरगावच्या कारखान्यातली पोरं भाड्यानं राहतील, महिन्याला पैसे सुरू. आक्काचं म्हणणं, बँकेत भरू.

“घर सुटू दे आधी,” आक्का म्हणाली. “डोस्क्यावरचं वजं कमी होतंय न्हवं?”

“बँकेत टाकलेलं पैसं परत दिसत्यात व्हय?” दाजी म्हणाले. “खोली दिसतीया. हात लावून बघता येतीया.”

“तुमाला समदं हात लावूनच बघायचं आसतंय.”

“त्याबिगर तुज्याशी लगीन क्येलं आसतं का?”

आक्कानं त्यांना भाकरीचा तुकडा फेकून मारला आणि माझ्याकडं वळली. “संगे, तू सांग. तू म्हणशील तसं करूया. तुला त्यातलं कळतंय.”

हा तो क्षण. इथवर यायला मला इतकी पानं लागली.

मला उत्तर माहीत होतं. अंदाजानं नव्हे, आकड्यानं. आदल्याच दिवशी ऑफिसात कॅल्क्युलेटरवर केलं होतं. शिबिरांत बायकांना शिकवते तेच गणित. दीड लाख भरले तर अठराची सहा वर्षं होत होती. सहा आणि थोडे महिने. बारा वर्षं जात होती! पैशात धरलं तर चार लाखांच्या आसपास, म्हणजे तिनं घेतलं होतं तेवढंच आणखी एक कर्ज. पशा कॉलेजात पाय ठेवायच्या आत घर सुटलं असतं. तिच्या स्वतःच्या हिशेबाच्याही आधी.

पण दीड लाख भरायचे म्हणजे आक्का बँकेत जाणार. मी एकटी जाते म्हटलं असतं तरी ती आली असती — एवढी रक्कम, नवी साडी नेसून आली असती. तो सभ्य माणूस कॉम्प्युटर तिच्याकडं वळवणार. आणि ती विचारणार, अठरा कशी? आणि तो सांगणार, तुमच्या बहिणीला मी सांगितलं होतं की.

मी म्हटलं, “दाजींचं बरोबर आहे. खोली काढा. घराचं कर्ज सगळ्यात स्वस्त असतं आक्का, ते फेडायची घाई कुणी शहाणा करत नाही.”

वर आणखी दोन इंग्रजी शब्द वापरले. ते आता लिहीत नाही.

दाजी मांडीवर थाप मारून म्हणाले, “बघ! पुढारीण बोलली.” आक्का गप्प झाली. थोड्या वेळानं म्हणाली, “तू म्हणतीस तर आसंल.” आणि मला अजून एक भाकरी वाढली.

वरची खोली झाली. भिंती झाल्या, वर पत्रा पडला, आणि पैसे संपले. जिना राहिला. आजही राहिलाय. बांबूची शिडी लावून वर जावं लागतं. एकदोघं भाडेकरू बघून गेले. एकजण शिडीकडं बघून म्हणाला, “मावशी, राती पिऊन आलो तर?” दुसरा परत आलाच नाही. आता तिथं आक्का मिरच्या वाळत घालते. दाजी एका वर्कशॉपमध्ये रोजंदारीवर जातात, काम असलं तर. हप्ता आक्काच्या मशिनवर चाललाय. पूर्वी जूनमध्ये गणवेश शिवायची, आता बारा महिने काय मिळेल ते शिवते, उशांचे अभ्रेसुद्धा. दोरा ओवायला पशाला हाक मारते. परवापर्यंत तिला चष्मा नव्हता.

आता शेवटचं. याला मी सगळ्यात जास्त भिते.

त्या जेवणानंतर दोन वर्षांनी आम्ही संघटनेतर्फे या बदलत्या व्याजावरच मोहीम घेतली. नव्या गिऱ्हाइकाला कमी दर दाखवून ओढायचं, जुन्याचं व्याज चढलेलंच ठेवायचं, आणि हप्ता तोच ठेवून गुपचूप वर्षं वाढवायची — या लबाडीवर पत्रक मीच लिहिलं. चांगलं उतरलं होतं. राग खरा होता, आकडे खरे होते. आता आक्काची एक सवय सांगते. आमची उरलेली पत्रकं ती घेऊन जाते. मागची बाजू कोरी असते. चार-चार पत्रकं खळीनं चिकटवायची आणि त्यावर ब्लाऊजचा पेपर कापायचा — पाठ, बाही, गळा. पण कापायच्या आधी वाचते. ठळक अक्षरं तर मोठ्यानं वाचते. माझं लिखाण इतकं मन लावून वाचणारं दुसरं कुणी नाही.

तर कात्री हातात घेऊन तिनं ते पत्रक वाचलं आणि मला विचारलं, “संगे, आमचं बी असंच झालं नसंल न्हवं?”

तुम्हाला वाटेल, ते पत्रक मी तिच्यासाठीच लिहिलं, आडून सांगायचं म्हणून. नाही. लिहिताना ती माझ्या डोक्यातसुद्धा नव्हती.

मी म्हटलं, “बघून सांगते.” बघायचं काय होतं? दोन दिवस मुडशिंगीकडं फिरकले नाही. मग गेले आणि चेहरा पाडून सांगितलं, आक्का, अजून सोळा वर्षं आहेत. आज कळलं मला. आज.

ती मशिनवर बसली होती. पाय थांबला. भिंतीवरच्या खडूच्या रेघांकडं बघितलं तिनं. पशा आता बराच वर गेला होता. मग एकदम म्हणाली, “ते दीड लाख भराय पायजे हुतं. मीच गप बसलो. मी जोर धराय पायजे हुता.”

माझे डोळे भरून आले होते. कशानं, ते मी सांगणार नाही, कारण मला खात्री नाही. आक्का उठली, माझ्या पाठीवर हात फिरवला.

“रडू नगस. तुला तरी कुठनं ठावं आसणार, पोरी? बँकवाल्यांनी तुला बी फसवलं.”

आणि मी मान हलवली. होय म्हटलं.

तेव्हापासून दाजी तिला अधूनमधून म्हणतात, “तुजंच खरं हुतं,” आणि ती म्हणते, “माज्या खऱ्याला काय करतासा, मी बोललो कुटं जोरात.” तो दोष तिनं स्वतःच्या अंगावर घेतलाय, आणि मी तो तिथं राहू दिलाय. गल्लीत ती अजूनही सांगते — माझी धाकटी बहीण, बँकवाले हिला भितात.

मला माहीत होतं. खोली काढा म्हटलं तेव्हा माहीत होतं. रडले तेव्हाही माहीत होतं.

हा मजकूर आमच्या संघटनेच्या अंकात छापायला देते आहे, माझ्या नावानिशी. छपाई झाली की नेहमीसारखा एक गठ्ठा मुडशिंगीला जाईल. अंकाचा कागद पत्रकापेक्षा मोठा असतो, आख्खी पाठ एका पानात बसते, म्हणून आक्काला अंक जास्त आवडतो.

ती आधी वाचते. मग कात्री लावते.